नाचायच्या गाण्यांना चांगला आवाज कशाला? : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. डाफ्ट पंक या फ्रेंच इलेक्ट्रॉनिक जोडीच्या 'रँडम अ‍ॅक्सेस मेमरीज'वरच्या माझ्या लेखात मी त्या अल्बमची हाय-रेझ, म्हणजे सीडीपेक्षा जास्त तपशील साठवणारी, फाइल सुचवली होती. त्यावर तुम्ही दोन आक्षेप घेतलेत. माणसाला २० किलोहर्ट्झच्या वरचं ऐकूच येत नाही, त्यामुळे सीडीच्या पुढचे आकडे म्हणजे पैसे काढायचे धंदे, हा एक. आणि हाय-रेझ ऐकायचंच तर किशोरीताई ऐकाव्यात, असल्या धांगडधिंग्याला ते कशाला, हा दुसरा.

पहिल्यातलं शास्त्र बरोबर आहे आणि मी त्याविरुद्ध लिहिलेलं नाही. सीडी २२ किलोहर्ट्झपर्यंतचा आवाज पकडते. मेयर आणि मोरान यांच्या २००७ च्या चाचणीतही ऐकणाऱ्यांना एसएसीडी (सीडीपेक्षा जास्त तपशील साठवणारी तबकडी) आणि सीडीच्या दर्जाचा आवाज यांत फरक ओळखता आला नव्हता. पण बहुतेकांनी हा अल्बम ऐकलाय तो ब्लूटूथवर, म्हणजे आधी स्ट्रीमिंगने आवळलेला (फाइल लहान करायला तपशील गाळलेला) आणि वर ब्लूटूथने. त्यातून सुटायला सीडीही पुरते. २४ बिट, ८८.२ किलोहर्ट्झची (म्हणजे सेकंदाला आवाजाचे ८८,२०० नमुने घेणारी) फाइल मी सुचवली, कारण विकत घ्यायचीच तर मास्टरच्या, म्हणजे स्टुडिओतल्या मूळ प्रतीच्या, जवळची घ्यावी.

दुसरा आक्षेप मात्र मला अजिबात मान्य नाही. २०१३ च्या या अल्बमवर ड्रम्स ओमर हकीम आणि जे. आर. रॉबिन्सनचे, बेस नेथन ईस्टचा, गिटार नाइल रॉजर्सची. माणसांनी स्टुडिओत बसून वाजवलंय, टेपवर आणि संगणकावर एकाच वेळी रेकॉर्ड झालंय. ध्वनिमुद्रणासाठीचं ग्रॅमीही याला मिळालं. 'जॉर्जिओ बाय मोरोडर'मध्ये डिस्कोचा संगीतकार जॉर्जिओ मोरोडर स्वतःची कहाणी सांगतो, तर त्या नुसत्या बोलण्यासाठी वेगवेगळ्या काळातले माइक लावले होते. हा फरक कुणालाच कळणार नाही, पण थॉमसला (डाफ्ट पंकमधल्या थॉमस बांगाल्तरला) कळेल, असं इंजिनियर म्हणाल्याचं मोरोडरनेच सांगितलंय. नाचायच्या गाण्यासाठी इतका जीव ओतणारा माणूस आहे हा!

हेच गाणं नीट लावून बघा. ताल धरणारी क्लिक सुरू होते, त्यावर सिंथ चढतो, मध्येच तंतुवाद्यं उसळतात आणि मग हकीम सुटतो. आवळलेल्या फाइलमध्ये त्याच्या झांजा नुसत्या फसफसतात. चांगल्या फाइलमध्ये प्रत्येक आघात वेगळा पडतो आणि खाली बेसची बोटं मोजता येतात.

पटत नसेल तर ८८.२ च्या फाइलवरूनच सीडीच्या दर्जाची प्रत काढा, आणखी एक स्ट्रीमिंगसारखी आवळलेली. तिन्हींचा आवाज अगदी सारखा ठेवा, कारण जरासा मोठा आवाज नेहमीच जास्त चांगला वाटतो, आणि कोणती कधी लावायची ते दुसऱ्या कुणाला तरी ठरवू द्या. पहिल्या दोन्हींत फरक नाही कळला तर खुशाल सीडी ऐका. पण 'जॉर्जिओ' पूर्ण नऊ मिनिटं ऐका, आणि किशोरीताईंना लावता तो न्याय याला का नाही, ते मला कळवा.