क्लोद लेदू गायब झाला नव्हता

फ्रेंच दिग्दर्शक रोबेर ब्रेसाँच्या 'डायरी ऑफ अ कंट्री प्रीस्ट' या सिनेमाचा (१९५१) विषय निघाला की एक गोष्ट हमखास सांगितली जाते. त्यातला तरुण पाद्री झालेला क्लोद लेदू म्हणे अभिनयाचा गंधही नसलेला मुलगा होता. ब्रेसाँने त्याला कुठून तरी उचललं, एका सिनेमापुरतं वापरलं आणि मग तो कायमचा दिसेनासा झाला. अलीकडे त्याला शेपूटही जोडतात: शेवटी बिचारा बाहुल्या नाचवत बसला.

अभिनयाचा गंध नसलेला? १९२७ साली ब्रसेल्सला जन्मलेला लेदू नाटकातून आलेला नट होता. नवा होता तो फक्त पडद्याला. घोटाळा होतो कारण ब्रेसाँने पुढे व्यावसायिक नट घेणं पूर्ण सोडलं, आणि ते आपण या सिनेमालाही चिकटवतो. पण यातली मादमोआझेल लुईझ झालेली निकोल मोरे दोनच वर्षांनी हॉलिवूडमध्ये गायक-नट बिंग क्रॉस्बीची नायिका होती. खरा बिगरनट हवा असेल तर सिनेमातला तॉर्सी गावचा वडीलधारा पाद्री पाहा: ते काम केलं होतं आद्रियँ बोरेल या मनोविश्लेषकाने. लेदू मात्र भूमिकेसाठी तरुण पाद्र्यांमध्ये जाऊन राहिला होता. मोटारसायकलवर मागे बसून जाताना त्या आजारी चेहऱ्यावर क्षणभर तारुण्य उमटतं, ते एकदा नीट पाहा. ते नुसतं दिग्दर्शकाने 'काढून घेतलेलं' आहे, असं मला तरी कधीच वाटलेलं नाही.

दिसेनासा झाला, हेही खरं नाही. १९५२ मध्ये आंद्रे कायातच्या फाशीविरोधी सिनेमात तो वकील होता. १९५४ मध्ये एका इटालियन सिनेमात संगीतकार शूबर्ट झाला, आणि अँथनी क्विनच्या 'अत्तिला'त रोमन सम्राट. मोठी कामं नव्हेत ही सगळी, पण कामं होती.

राहिल्या बाहुल्या. तो 'बिचारा' मला खरोखर खुपतो.

१९६२ च्या डिसेंबरात फ्रेंच टीव्हीवर 'बॉन न्युई ले पती' सुरू झालं. नावाचा अर्थ, शुभरात्री चिमण्यांनो. त्याचा निर्माता लेदू. संध्याकाळी काही मिनिटांचा खेळ: नूनूर्स नावाचं अस्वल ढगावरून शिडीने उतरतं, निकोला आणि पँप्रनेल या भावंडांची दिवसभराची विचारपूस करतं आणि वाळूवाला डोळ्यांवर झोपेची वाळू टाकून जातो. अकरा वर्षं हे चाललं, १९९५ मध्ये नव्याने आलं. फ्रान्समध्ये लेदू हे नाव न ओळखणारी माणसंही नूनूर्सचा निरोप ऐकून झोपलेली आहेत. याला घसरण म्हणायचं असेल, तर मुलांसाठी केलेलं काम मुळातच हलकं असतं हे आधी मान्य करावं लागेल. मी ते करणार नाही.

शिवाय ब्रेसाँच्या त्या सिनेमातही मुलं आहेतच. धर्मशिक्षणाच्या वर्गात सेराफिता नावाची मुलगी पाद्रीची क्रूर थट्टा करते: मी लक्ष देऊन ऐकते, कारण तुमचे डोळे फार सुंदर आहेत. पुढे एका रात्री तो भोवळ येऊन चिखलात पडतो, तेव्हा त्याचं तोंड पुसायला तीच येते. २०११ च्या जुलैत लेदू गेला. तेव्हा फ्रान्सने त्याला नूनूर्सचा बाप म्हणूनच निरोप दिला.