सर्व्हर बंद झाला, तेव्हा आमची पाळी आली

कंपनीनं सर्व्हर, म्हणजे खेळाडूंना नेटवर एकमेकांशी जोडणारा संगणक, बंद केला की तो गेम मेला, असं आपण फार लवकर मानून टाकतो. मी गेली काही वर्षं असाच एक बंद केलेला भुताटकीचा ऑनलाइन गेम अमळनेरात बसून खेळतोय. तो मेलेला नाही. उलट मी तर म्हणेन, आमच्यासारख्यांसाठी तो कंपनी निघून गेल्यावरच सुरू झाला. पोस्ट मोठी आहे, पण हे मला नीट सांगायचंय.

गेमचं नाव रेसिडेंट ईव्हिल आउटब्रेक. जपानमध्ये बायोहॅझर्ड आउटब्रेक. कॅपकॉम या कंपनीनं डिसेंबर २००३ मध्ये तो प्लेस्टेशन २ वर जपानात आणला, २००४ मध्ये त्याचा दुसरा भाग 'फाइल २' आला. रॅकून सिटी नावाच्या शहरात विषाणू पसरलाय, माणसं झोंबी होतायत आणि आठ साधी माणसं त्यातून निसटायला धडपडतायत. साधी म्हणजे खरंच साधी. बारमधली वेट्रेस, प्लंबर, रेल्वेत काम करणारा, डॉक्टर, वार्ताहर, विद्यार्थिनी. एक पोलीस आणि एक सुरक्षारक्षक सोडला तर बंदुकीची सवय कोणाला नाही. चौघांनी मिळून खेळायचं. त्या काळी घरच्या यंत्रावर असं ऑनलाइन खेळणं फार थोड्यांनी करून पाहिलं होतं. कॅपकॉमनं तेव्हा प्रयोग म्हणून तीन ऑनलाइन गेम काढले होते, त्यातला हा एक. दुसरा मॉन्स्टर हंटर, तो पुढे जगभर गाजला. आउटब्रेक मागे पडला. अमेरिकेतले सर्व्हर २००७ च्या शेवटी बंद झाले, जपानमधले २०११ च्या जूनअखेर.

आता आमच्याकडची गोष्ट. तेव्हा धुळ्याला माझ्या मावशीच्या घराजवळ तासावर प्लेस्टेशन खेळायला देणारं एक दुकान होतं. मे महिन्यात बाहेर रस्त्यावर डांबर वितळायचं, आत कूलर आणि दोन टीव्ही. त्यात ही डिस्क होती. मी आणि मावसभाऊ तासाचे पैसे जमवून ती लावायचो. मेनूत एकट्यानं खेळायचा पर्याय होता आणि नेटवर्कवर खेळायचाही होता. दुसरा पर्याय दाबला की काहीच व्हायचं नाही. नेटच नव्हतं तर काय होणार? आणि असतं तरी खेळता आलं नसतं, कारण कंपनीनं सर्व्हर ज्या देशांसाठी उभे केले त्यात आपला देश नव्हताच. म्हणजे तिकडे सर्व्हर धडधडीत चालू असतानासुद्धा धुळ्यातल्या दोन पोरांसाठी तो गेम अर्धाच होता.

एकट्यानं खेळताना सोबतीची माणसं संगणक चालवतो. ती भिंतीला धडकत राहतात, नको तेव्हा निघून जातात. भीती वाटायची ती झोंबीची, आणि तेवढीच. खरी भीती काय असते ते पुढे कळलं.

जपानी सर्व्हर बंद झाल्यावर काही वर्षांत चाहत्यांनी स्वतःचा सर्व्हर उभा केला. पैशासाठी नाही, कंपनीनं सांगितलं म्हणूनही नाही. हे काम किती अवघड असतं ते माझ्या धंद्यामुळे मला थोडं समजतं (माझं कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान आहे). गेम सुरू झाला की तो एका ठरलेल्या पत्त्यावर हाक मारतो. समोरचा सर्व्हर ठरलेल्या भाषेत उत्तर देतो, मग ओळख तपासली जाते, मग खोल्यांची यादी येते, मग खेळ. ही भाषा कंपनीनं कुठेच छापलेली नसते. चाहत्यांनी गेमचा कोड उकलून, तो काय विचारतो आणि त्याला काय उत्तर अपेक्षित आहे हे एकेक बाइट तपासत शोधलं. त्याआधी प्लेस्टेशन बनवणाऱ्या सोनीच्या ओळख-तपासणीची पायरी लागते, तिलाही उत्तर देणारं काही बनवावं लागलं. आपण आपल्या बाजूनं एवढंच करायचं, की नेटवर्क सेटिंगमध्ये डीएनएसचा, म्हणजे नावावरून पत्ता शोधून देणाऱ्या सेवेचा, आकडा बदलायचा. गेम जुन्याच नावानं हाक मारतो, ती हाक नव्या घरी पोचते. गेमला काहीच कळत नाही. त्याच्या लेखी अजून २००४ चालू आहे.

आणि हा सर्व्हर तुमचा देश विचारत नाही. अमळनेर चालतं.

हा गेम मला इतका का लागलाय, त्याचं कारण त्यात बोलता येत नाही हे आहे. मैदानात उतरल्यावर माइक नाही, टायपिंग नाही. काही ठरलेली वाक्यं आहेत, ती बटणानं किंवा कंट्रोलरच्या उजव्या काडीनं बोलायची. मदत करा, इकडे या, पुढे व्हा, आभार. बस. जपानी माणूस असो की फ्रान्सचा की आपला, सगळ्यांच्या तोंडी तेवढेच शब्द. पिशवी उघडली तरी गेम थांबत नाही. औषध शोधताय आणि मागून झोंबी चालत येतोय, हे एकाच वेळी. वर तुमच्या अंगातल्या विषाणूचा टक्का हळूहळू चढतच असतो, तुम्ही काही केलं नाही तरी. शंभर झाले की तुम्ही संपलात. ऑनलाइन असाल तर नुसते संपत नाही, थोडा वेळ झोंबी होऊन आपल्याच माणसांवर चालून जाता.

आता विचार करा. बोलता येत नाही, वेळ संपत चाललाय, आणि सोबतचा माणूस खरा आहे. तो घाबरलाय हे त्याच्या चालण्यावरून कळतं. दारापाशी येऊन परत फिरतो. गोळ्या असून झाडत नाही. एकदा हॉस्पिटलच्या अंकात (नाटकासारखे गेमचे वेगवेगळे अंक आहेत), जिथे जळवांनी बनलेला तो माणूस मागे लागतो आणि साध्या बंदुकीनं काही केल्या मरत नाही, तिथे सोबतीला एक अनोळखी जपानी खेळाडू होता. त्याचा टक्का नव्वदीच्या पुढे गेला होता. तो जिन्याजवळ थांबला, मला इकडे ये म्हणाला. मला वाटलं काही सापडलं. त्यानं एकेक वस्तू माझ्या हातात दिली. औषधी पाला, गोळ्या, आणि जळवांना भुलवून दूर नेता येतं ती रक्ताची पिशवीसुद्धा. सगळं देऊन झाल्यावर त्यानं आभार मानले आणि माझ्यापासून लांब, बाजूच्या खोलीत निघून गेला. झोंबी झाल्यावर मी त्याच्या हाताशी सापडू नये म्हणून. त्याचं नाव मला वाचताही आलं नाही. मी त्या रात्री वाचलो ते त्याच्या पिशवीवर.

असं काही संगणक करत नाही हो. चांगलं ग्राफिक, मोठा स्क्रीन, हजार रुपयांचा हेडफोन यातून ते येत नाही. ते समोरच्या माणसातून येतं. म्हणून ऑनलाइन भुताच्या गेमचा सर्व्हर जातो तेव्हा नकाशे जात नाहीत, राक्षस जात नाहीत, ते सगळे डिस्कवर जागच्या जागी असतात. जातात ती सोबतची माणसं. आणि ती माणसं परत जमवायला कंपनी लागतेच असं नाही, हे या सर्व्हरनं मला दाखवलं.

कंपन्यांची बाजू मला कळते. सर्व्हरला वीज लागते, माणसं लागतात, परवाने संपतात. फ्रायडे द थर्टीन्थ या गेमचं तेच झालं. २०१७ च्या मे महिन्यात आलेला हा गेम. एक जण जेसन हा खुनी, बाकी सात जण जीव वाचवणारे. मूळ १९८० च्या सिनेमाच्या हक्कांवरून कोर्टात वाद चालू होता, त्यापायी २०१८ मध्ये नवं काही घालायचं थांबलं. नोव्हेंबर २०२० मध्ये कंपनीचे सर्व्हर गेले, मग खेळाडूंपैकीच एकाच्या यंत्रावर खेळ चालायला लागला. ३१ डिसेंबर २०२३ ला विक्री थांबली, आणि खेळायला मुदत मिळाली २०२४ च्या अखेरपर्यंत. यात खेळणाऱ्यांचा काय दोष? भांडण दुसऱ्यांचं, पैसे यांचे.

आणि दुसरीकडे लेफ्ट फोर डेड २ पाहा. २००९ चा गेम, तोही चौघांचा, तोही झोंबींचा. व्हॉल्व्ह या त्याच्या कंपनीनं त्याचा सर्व्हर चालवायचा प्रोग्राम फुकट ठेवलाय. उद्या कोणाला पाचोऱ्यात आपल्या खोलीत सर्व्हर लावायचा असेल तर लावता येतो. नेट नसेल तरी एका घरातल्या चार मशीनवर केबल टाकून खेळता येतो. त्या गेमला २०२० च्या सप्टेंबरमध्ये मोठा अपडेट आला, तो चाहत्यांनी बनवलेला होता आणि व्हॉल्व्हनं तो अधिकृत करून दिला. अकरा वर्षांच्या गेमला! म्हणजे हे होऊ शकतं. तांत्रिक अडचण नाही, इच्छेची आहे.

मी शेतकऱ्याच्या घरातला आहे, म्हणून मला हे कपाशीच्या बियाण्यासारखं दिसतं. आजोबा देशी कपाशीची सरकी घरात राखायचे, पुढल्या वर्षी तीच पेरायचे. आता संकरित बियाण्याची थैली दर हंगामाला विकत आणायची, कारण तिच्या पिकातून राखलेलं बी तसं उगवत नाही. कंपनीनं उद्या ते वाण बंद केलं तर शेतकऱ्याच्या हातात काही उरत नाही. गेमचं तसं होऊ नये एवढंच माझं म्हणणं आहे. थैली विका, पैसे घ्या, पण जाताना बी तरी ठेवून जा.

'स्टॉप किलिंग गेम्स' ही चळवळ नेमकं हेच मागते. २०२४ च्या मार्चअखेर युबिसॉफ्ट कंपनीनं द क्रू हा गाड्यांचा गेम बंद केला. तो एकट्यानंही खेळता येईना, कारण तो सतत सर्व्हरला विचारायचा. त्यातून ही मोहीम उभी राहिली आणि जुलै २०२५ मध्ये युरोपातल्या तिच्या अर्जावर दहा लाखांच्या वर सह्या झाल्या. काही लोक म्हणतात, यांना गेम कायम फुकट चालवून हवेत. तसं अजिबात नाही. मागणी एवढीच, की बंद करताना गेम खेळता येईल अशा अवस्थेत सोडा. सर्व्हरचा प्रोग्राम द्या, किंवा लॅनचा, म्हणजे केबल टाकून घरातल्या घरात खेळायचा, पर्याय द्या, किंवा निदान जे चाहते स्वतःच्या खर्चानं चालवतायत त्यांच्यामागे वकील लावू नका. मला यात एकही अवाजवी गोष्ट दिसत नाही.

"अधिकृत मिळेल तेव्हा घ्या की," असंही मला ऐकवतात. कुठून घेऊ? जुने गेम जतन करणाऱ्या व्हिडिओ गेम हिस्ट्री फाउंडेशननं २०२३ मध्ये मोजलं, तर अमेरिकेत २०१० च्या आधी निघालेल्या गेमपैकी सुमारे ८७ टक्के आज बाजारात मिळतच नाहीत. आउटब्रेक त्यातलाच. त्यातल्या वार्ताहर बाईची, अलिसा ॲशक्रॉफ्टची मुलगी नव्या रेसिडेंट ईव्हिल रेक्विएमची नायिका आहे. म्हणजे कंपनीला पात्रं आठवतात. मग तो गेमही आठवू दे.

आमचा शिरस्ता सांगतो. जपानी खेळाडू त्यांच्या रात्री नऊला जमतात, तेव्हा आपल्याकडे संध्याकाळचे साडेपाच. रविवारी दुकान बंद असतं, तेव्हा मी त्यांच्यात. युरोपवाले नऊला बसले की आपले साडेबारा, हिवाळ्यात दीड. ते सुट्टीच्या आदल्या रात्रीच जमतं. मावसभाऊ अजून धुळ्यातच आहे, भाची नंदुरबारला कॉलेजात. तिघं असलो की कधी फोन चालू ठेवतो, मग अहिराणीत नुसता गोंधळ. "पय, पय, तुना मांगे शे!" (पळ, पळ, तुझ्या मागे आहे!) आग लागलेल्या हॉटेलचा अंक असला की शेजारच्या खोलीतून आईचा आवाज येतो, "काय व्हयनं रे?" मजा येते, नाही म्हणत नाही. पण माझं मत विचाराल तर फोन बंद ठेवून खेळा. भाऊ कुठल्या खोलीत आहे ते माहीत नाही, त्याची मदतीची हाक ऐकू आली आणि मधे दोन दारं आहेत, आणि या गेमची दारं उघडायला किती वेळ घेतात ते खेळणाऱ्यालाच ठाऊक! त्या दोन दारांतला वेळ मला कुठल्याही नव्या गेमनं दिलेला नाही.

जळगाव, धुळे, नंदुरबार, कुठलेही असा, खेळायचं असेल तर मला मेसेज करा. जपानी डिस्क लागते, जुनी मिळते, थोडं शोधावं लागतं. जपानी डिस्क आपल्याकडच्या प्लेस्टेशनवर सरळ चालत नाही, म्हणून पीसीवर पीसीएसएक्स२ हा एम्युलेटर, म्हणजे प्लेस्टेशन २ ची नक्कल करणारा प्रोग्राम, टाकतो. मशीन फार भारी लागत नाही. सेटिंग मी करून देईन, त्याचे पैसे घेणार नाही. आत मेनू जपानीत आहेत, त्याची मी मराठीत चिठ्ठी बनवून ठेवलीय, ती पाठवतो. पहिल्यांदा बारचा अंक घेऊ, तो सोपा आहे. फक्त योको, म्हणजे ती विद्यार्थिनी, कोणी घेऊ नका. तिच्या पाठीवरच्या पिशवीत चार वस्तू जास्त मावतात आणि ती कायमची भाचीची आहे.