मांजर सूड उगवत नाही हो!

आज सकाळी सोसायटीच्या ग्रुपवर मेसेज: ‘मांजर द्यायची आहे. मुद्दाम पलंगावर शू करते.’ खाली हात जोडलेले इमोजी. एका आजोबांचा सल्ला, मच्छीमार्केटात सोडा, मजेत राहील. घरात वाढलेली मांजर, मार्केटातल्या कुत्र्यांपुढे! डोकंच फिरलं.

मुद्दाम म्हणे. आमच्या मजल्यावरच्या काकूंचा गुंड्या असाच काकांच्या उशीवर मुतायला लागला होता. ‘माझ्यावर खार खाऊन आहे,’ काका सगळ्यांना सांगत सुटलेले. काकू खमक्या, बोक्याला उचलून थेट डॉक्टरांकडे. लघवी तपासली, सोनोग्राफी झाली. मूत्राशयाला सूज, पण खडा नाही, जंतू नाहीत. ताणानं होतं म्हणे मांजरांना असं. समोरची बिल्डिंग रिडेव्हलपमेंटला गेलेली, दिवसभर ब्रेकरची धडधड. माणसं निदान ऑफिसला तरी पळतात.

मग डॉक्टरांनी विचारलं, त्याचा शी-शूचा ट्रे कुठे ठेवता? बाथरूममध्ये, वॉशिंग मशीनला चिकटून. मशीन ड्रायरला लागली की घर हादरतं. बसाल का तुम्ही तिथे?

आणि लोक वर फिनेल ओततात! फिनेलमधली रसायनं मांजराच्या यकृताला धड निकामी करता येत नाहीत. पाय चाटले की पोटात. वर लघवीचा वासही पुरता जात नाही, म्हणून ती पुन्हा तिथेच जाते. एन्झाइमवालं क्लीनर मिळतं, ते आणा.

हो, मान्य, गादी महाग असते, आणि वन बीएचकेत ‘जितकी मांजरं त्याहून एक ट्रे जास्त’ हा नियम ऐकून हसूच येतं. काकूंनी तरी बसवलाच ना दुसरा ट्रे, बेडरूमच्या कोपऱ्यात, खाण्यापाण्यापासून लांब. कपाटावरच्या बॅगा हलवून त्याला उंचावर जागा केली. जाळी लावलेल्या खिडकीत फळी ठोकली. रोज संध्याकाळी काका सुतळीला पीस बांधून त्याच्याशी खेळतात. हो, तेच काका! हळूहळू उशी सुटली.

सगळ्याच मांजरांचं इतक्यात भागत नाही. काहींना माणसांसारखीच चिंतेवरची गोळी लागते, फ्लुओक्सेटिन वगैरे, तीही डॉक्टरनं दिली तरच. यावर लोक फिदीफिदी हसतात. ‘मांजरालाही डिप्रेशन!’ हसा. दुखलं तरी हा प्राणी ओरडत नाही, कोपऱ्यात जाऊन बसतो, म्हणून तर तुमचं फावतं.

ती मेसेजवाली मुलगी वाईट नाही, माहितीये मला. रात्री अकराला घरी येऊन चादरी धुणं सोपं नाही. तिला इनबॉक्समध्ये लिहिलंय, आधी लघवी तपासून घे, दवाखान्यात मी येते सोबत.

बोका पाळणाऱ्यांनो, तो ट्रेत बसून कुंथतोय आणि थेंब येत नाहीये, तर सकाळची वाट बघू नका. मूत्रमार्ग तुंबला तर एक-दोन दिवसांत जीव जातो. मध्यरात्र असली तरी रिक्षा करा आणि निघा.