‘कियारा म्हणजे काळी’, म्हणून नाव बदलायचं?

रविवारी रात्री भाचीचा फोन आला. पाच महिन्यांच्या मुलीचं नाव बदलायचं की नाही, यावरून घरात दोन दिवस अबोला होता. कारण एक फॉरवर्ड. ‘जगातल्या सगळ्या नावांचं मूळ संस्कृतात, पुरावे वाचा’ असा मथळा. खाली अब्राहम म्हणजे ब्रह्मा, सारा म्हणजे सरस्वती, पीटर म्हणजे पितर, आडनाव ही भारताची जगाला देणगी, वगैरे. शेवटी लाल अक्षरांत ताकीद : परकी नावं ठेवू नका, नावाचा अर्थ मुलाच्या आयुष्यात उतरतो, कियारा म्हणजे ‘काळी’, सिसिलिया म्हणजे ‘आंधळी’. मुलीचं नाव कियारा. तिच्या आजीने हे वाचलं आणि ती घाबरली. त्याच आठवड्यात हा मजकूर मला आणखी तीन ग्रुपांवर आला, म्हणून एकदाचं लिहूनच टाकते.

शेवटचा मुद्दा आधी घेते, कारण नुकसान तो करतोय.

देवनागरीत ‘कियारा’ हे एक नाव दिसतं, पण त्यामागे दोन निराळी नावं आहेत. एक आयरिश. त्या भाषेत काळ्या रंगाचा जो शब्द आहे त्यावरून ते आलं, उच्चार ‘कीरा’च्या जवळचा. दुसरं इटालियन. ते लॅटिन ‘क्लारा’वरून आलं, अर्थ उजळ, स्वच्छ, तेजस्वी. तेराव्या शतकातल्या असिसीच्या संत क्लेअर यांना इटलीत याच नावाने ओळखतात. आपल्या कानापर्यंत येईतो दोन्हींचं ‘कियारा’ झालं. म्हणजे एकाच उच्चारात काळोखही आहे आणि उजेडही. यातला कुठला या मुलीचा, हे नुसत्या आवाजावरून ठरतच नाही. नाव कुठल्या भाषेतून, कुणी, कशासाठी उचललं हे पाहावं लागतं. फॉरवर्ड लिहिणाऱ्याने दोनपैकी भीती घालणारा अर्थ निवडला आणि दुसरा लिहिलाच नाही.

आणि समजा, काळी हाच अर्थ असला, तरी काय बिघडलं? कृष्ण म्हणजे काळाच. श्याम, श्यामला, काली, सगळे त्याच रंगाचे. द्रौपदीचं एक नाव कृष्णा. या आजींच्या स्वतःच्या वडिलांचं नाव श्यामराव! काळं म्हणजे वाईट हे आधीच मनात धरलं असेल तरच या मुद्द्याची भीती वाटते. पाच महिन्यांच्या पोरीच्या पाळण्याशी ते आणून ठेवलं, याचा मला खरोखर संताप आला.

सिसिलियाबद्दलची माहिती मात्र खरी आहे, तेवढं मान्य करते. लॅटिनमध्ये ‘सेकुस’ म्हणजे आंधळा, त्यावरून एका रोमन कुळाचं नाव पडलं, त्या कुळनावावरून सिसिलिया. पण ख्रिस्ती परंपरेत सेंट सिसिलिया ही संगीतकारांची आश्रयदात्री संत आहे, आणि मुलींची नावं ठेवली गेली ती तिच्यावरून. कॅमेरॉन या स्कॉटिश आडनावाचा अर्थ ‘वाकडं नाक’ असा सांगतात. कुणा पूर्वजाला पडलेलं टोपणनाव असणार. त्यावरून पुढच्या पिढ्यांची नाकं वाकडी झाली नाहीत.

अर्थ जर आयुष्यात उतरत असता, तर वाईट अर्थाची नावं आईबापांनी मुद्दाम ठेवली नसती. धोंडू, दगडू ही नावं कुठून आली? आधीची मुलं गेली, आता हे तरी राहू दे, मृत्यूची नजर याच्यावर पडू नये म्हणून. पश्चिम आफ्रिकेतले योरुबा लोक अशाच दुःखातून मुलाला ‘कोकुमो’ म्हणतात, म्हणजे ‘आता पुन्हा मरणार नाही’. ‘दुरोजाइये’ म्हणजे ‘थांब, आयुष्य भोग’. बाळाला मांडीवर घेऊन कुणीतरी त्याला ‘थांब’ म्हणतंय! या नावांत मुलाचं भविष्य लिहिलेलं नाही, आईची विनवणी आहे.

आता संस्कृतचे ‘पुरावे’. अब्राहमसाठी दूर जायला नको, बायबलातल्या ‘उत्पत्ती’ या पुस्तकाच्या सतराव्या अध्यायातलं पाचवं वचन उघडा. अब्रामचं नाव बदलून अब्राहम केलं, आणि का, तेही तिथेच सांगितलंय : तू अनेक राष्ट्रांचा पिता होशील. हिब्रूत ‘आव’ म्हणजे पिता, अरबी ‘अबू’चा सख्खा भाऊ. ज्यांचं नाव आहे त्यांच्याच ग्रंथात त्याचा खुलासा असताना ब्रह्मा आणायचा कशाला? आणि संस्कृतच लावायचं तर नीट लावा : शब्दाआधी ‘अ’ लावला की नकार होतो. अ-ब्रह्म म्हणजे जो ब्रह्म नाही तो! सारा म्हणजे हिब्रूत राजकन्या. पंडिता रमाबाईंना 1878 मध्ये कलकत्त्याच्या पंडितांनी ‘पंडिता’ आणि ‘सरस्वती’ या पदव्या दिल्या, इतकं त्यांचं संस्कृत पक्कं होतं. तरी मूळ बायबल मराठीत आणायला त्यांना हिब्रू आणि ग्रीक वेगळ्या शिकाव्या लागल्या.

पीटर म्हणजे ग्रीकमध्ये खडक. शिमोन या आपल्या शिष्याला येशूने दिलेलं नाव, मत्तयाच्या शुभवर्तमानात प्रसंगासकट आहे. पितरांचा संबंध नाही.

इथे एक अर्धसत्य नाइलाजाने मान्य करते, कारण ते खरंच सुंदर आहे. संस्कृत, ग्रीक, लॅटिन, फारसी एकाच घराण्यातल्या भाषा आहेत. पण त्यांचं नातं बहिणींचं आहे, आई-लेकींचं नाही. क्लिओपात्रा हे नाव घ्या. त्यातला पहिला तुकडा ग्रीक ‘क्लेओस’, कीर्ती, म्हणजे आपल्या ‘श्रवस्’ची बहीण, दुसरा तुकडा ‘पितृ’ची. वडिलांची कीर्ती. फारसी खुस्रो आणि ऋग्वेदातला सुश्रवस् हे तर एकाच नावाचे दोन अवतार, ‘उत्तम कीर्तीचा’. पितृ हवा होता तर तो क्लिओपात्रात होता, हे लोक पीटरमध्ये शोधत बसले. आणि संस्कृतातून खरोखर गेलेली नावं पाहायची असतील तर पूर्वेला बघा : थायलंडचे दिवंगत राजे भूमिबल, कंबोडियाच्या राजांचं नोरोदोम म्हणजे नरोत्तम, इंडोनेशियाच्या सुकार्नोंच्या नावात कर्ण. यातलं एकही त्या फॉरवर्डमध्ये नाही.

आडनावांचं थोडक्यात. चीनमध्ये वंशपरंपरेची कुळनावं दोन हजार वर्षांहून जुनी आहेत. तुर्कस्तानात आडनाव सक्तीचं झालं ते 1934 च्या कायद्याने. फिलिपीन्समध्ये 1849 साली स्पॅनिश गव्हर्नर क्लावेरियाने आडनावांची छापील यादीच काढली. ती गावोगाव वाटली गेली, त्यामुळे काही गावांत आजही घरोघरची आडनावं एकाच अक्षराने सुरू होतात. आइसलँडमध्ये बहुतेकांना आडनावच नाही, वडिलांच्या किंवा आईच्या नावापुढे ‘मुलगा’ किंवा ‘मुलगी’ लावतात. यात भारताची देणगी कुठे आली?

नाव बदलण्याचा अर्ज भाचीने आणून ठेवलाय. तो भरू नकोस म्हणून तिला कळवलंय, आणि हे सगळं तिच्या सासूबाईंनाही पाठवतेय, श्यामरावांच्या ओळीसकट.