खुर्चीचं नक्की काय झालं होतं?

मंगळवारी दुपारी ऑफिसात असताना आमच्या टाउनच्या पोलिसांचा फोन आला आणि डिटेक्टिव्ह साहेबांनी अगदी मऊ आवाजात विचारलं, "सर, त्या खुर्चीबद्दल जरा सांगाल का?"

खुर्चीवर येतोच. आधी थोडक्यात पार्श्वभूमी. मला न्यू जर्सीत एक साधी पॉइंट टू-टू, म्हणजे अगदी बारीक गोळीची, रायफल घ्यायची आहे. बोल्ट अ‍ॅक्शन, म्हणजे दर गोळीला खटका हाताने मागेपुढे करायचा, एकेक गोळी, कागदावर निशाणा, बस्स. कॉलेजात एनसीसीत आडवं पडून थोड्या गोळ्या मारल्या होत्या, ती खुमखुमी इतकी वर्षं आत दबून बसलेली आणि मग २०२४ ला पॅरिसमध्ये आपल्या कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळेने रायफलच्या ५० मीटर थ्री पोझिशनमध्ये ब्राँझ घेतलं आणि इकडे सोफ्यावर चिवडा खात बसलेल्या माझ्यासारख्याला उगाच वाटायला लागलं की आपणही.

तर इथे रायफलच्या आधी कार्ड लागतं, फायरआर्म्स पर्चेसर आयडेंटिफिकेशन कार्ड. अर्ज ऑनलाइन, पण जातो गावातल्या पोलिसांकडे. फी आधी ५ डॉलर होती, २०२२ च्या डिसेंबरपासून ५०. शिवाय बोटांचे ठसे, ट्रेनिंगचं सर्टिफिकेट, डोकं ठिकाणावर आहे का ते सरकारी नोंदींत बघायला आपली लेखी संमती. आणि आपल्याला ओळखणारी दोन माणसं, ज्यांना पोलीस आपल्याबद्दल विचारणार. निकाल ३० दिवसांत द्यायचा असं कायद्यात आहे. कायद्यात बरंच काही असतं.

आणि हे फक्त खऱ्या रायफलपुरतं नाही बरं का. जत्रेत फुगे फोडायला जी छर्‍याची बंदूक असते ना, न्यू जर्सीत तीसुद्धा फायरआर्म, तिलाही हेच कार्ड. आपल्याकडे दहा रुपयांत सहावीतली पोरं जी उडवतात ती घ्यायला इथे पोलीस तुमच्या ओळखीच्यांना ईमेल पाठवणार.

माझ्या टीममधला एक जण डेलावेअर नदीच्या पलीकडे, पेनसिल्व्हेनियात, ईस्टनला राहतो. तो शनिवारी सकाळी दुकानात गेला, फॉर्म भरला, दुकानदाराने त्याचं नाव चेक केलं आणि जेवायच्या आत रायफल घेऊन घरी. तुला कशाला एवढा वेळ लागतोय म्हणून मलाच विचारतो! नदी काही गोदावरी नाहीये हो, पुलावरून चालत जाता येतं. पण मी पलीकडे जाऊन घेतो म्हटलं तरी माझा पत्ता न्यू जर्सीचा, त्यामुळे तिकडचा दुकानदारही हेच कार्ड मागणार.

असो. दोन माणसं. बायकोचं नाव द्यायचा प्रश्नच नव्हता, तिने काय लिहिलं असतं देव जाणे. एक नाव ऑफिसातल्या मित्राचं दिलं, त्याला ईमेल आली, लिफ्टमध्ये उभ्या उभ्या त्याने फोनवर उत्तरं टिचकावली आणि अंगठा दाखवून गेला. दुसरं नाव दिलं काकांचं. काका म्हणजे मंडळाचे माजी खजिनदार, रिटायर्ड, सरळ माणूस. त्यांनी ईमेल उघडली, प्रिंट काढली आणि फोन केला. "रविवारी घरी ये. हिलाही आण."

गेलो तर डायनिंग टेबलवर चष्मा, पेन, प्रिंट आणि वाटीत लसणीची शेव. मुलगी बघायला गेलो होतो तेव्हाही माझी इतकी चौकशी झाली नव्हती.

"मी तुला किती वर्षं ओळखतो?"

"बारा-तेरा असतील काका."

"असतील नाही. पोलिसांना असतील चालत नाही."

आतून काकू म्हणाल्या, "ह्याची मुलगी झाली तेव्हा आपण डिंकाचे लाडू नेले होते." मग मुलगी केवढी, अकरा, मग अकरा लिहा. मी म्हटलं काका त्याच्या आधीही दोन गणपतींना मी तुमच्याबरोबर मखर बांधलंय. तर म्हणे, "तेव्हा चेहऱ्याने ओळखायचो. नावाने नाही."

"दारू?"

"काका, तुमच्याकडेच घेतो."

"माझ्याकडची सोड. एरवी?"

"शनिवारी घेतो," आमची ही म्हणाली. शेव खात खात. कोणी विचारलं होतं तिला? काकांनी शनिवार लिहिला.

"स्वभाव. राग येतो का?"

"नाही येत."

काकांनी चष्म्याच्या वरून माझ्याकडे बघितलं. "गणपतीच्या मीटिंगला तू खुर्ची आपटली होतीस."

"काका, ती फोल्डिंगची खुर्ची होती. मिटत नव्हती."

"मिटत नव्हती म्हणून आपटलीस."

"दाबली."

"आवाज झाला होता."

"लोखंडी आहे काका, आवाज होणारच ना!"

"बघ, आत्ता आवाज चढला तुझा." आणि हे ते लिहून घेत होते! "आणि त्याच वेळी केटररवरून तुझं आणि सेक्रेटरीचं वाजलं होतं की नाही?"

"वाजलं होतं, पण ते खुर्चीच्या आधी."

"तेच म्हणतोय मी. आधी वाजलं, मग खुर्ची."

पुढे अर्धा तास आम्ही त्या खुर्चीची बिजागरी कुठल्या बाजूला होती याच्यावर बोललो. काकूंनी चहा आणला आणि त्यांनाही आवाज आठवत होता, त्या तर त्या दिवशी स्वयंपाकघरात होत्या. शेवटी काका म्हणाले, "हे बघ, मी खोटं लिहिणार नाही. उद्या काही झालं तर नाव माझं आहे तिथे."

"काय होणार आहे काका?"

"होईल असं मी म्हणतच नाही. पण झालं तर."

हे सगळं त्यांनी रीतसर टाइप करून पाठवलं. मग मंगळवारचा तो फोन. आमच्या मीटिंग रूमला काचेच्या भिंती आहेत, आणि बाहेर अख्खी टीम बसलेली असताना मी आत उभा राहून स्पष्ट उच्चारात सांगतोय की नो सर, आय डिड नॉट थ्रो द चेअर. कोणाला लागलं का? नाही. खुर्ची मोडली का? नाही, अजून मंडळाच्या स्टोरेजमध्ये आहे, अजूनही मिटत नाही, या आणि बघा. तो वाद कशावरून होता? आता पोलिसांना काय सांगणार, की मसालेभातावरून होता? जेवणावरून होता म्हणालो. पलीकडे थोडा वेळ नुसतं टायपिंग ऐकू आलं. मग त्यांनी विचारलं, त्या दुसऱ्या गृहस्थांशी सध्या संबंध कसे आहेत. म्हटलं गेल्या महिन्यात त्यांच्या मुलीच्या ग्रॅज्युएशनला दोनदा वाढून घेतलंय. "ओके सर, मी नोट करतो." तो माणूस बिचारा सभ्य होता. मी मात्र उरलेला दिवसभर मीटिंगांमध्ये कोणाशी वाकडं बोललो नाही, न जाणो हेही कोणीतरी नोट करेल.

आता हसतोय, पण डोकं फिरलं होतं ते फिरलंच होतं. या देशाने ग्रीन कार्डला माझे दहाही बोटांचे ठसे घेतले, सिटिझनशिपला परत घेतले, आता रायफलला परत. बोटं तीच आहेत हो! एच-वनवर, म्हणजे नोकरीच्या व्हिसावर, होतो तेव्हा तर बंदूक विकत घ्यायला बंदीच होती, केंद्राचाच नियम, त्याला एक सूट अशी की तुमच्याकडे शिकारीचं लायसन्स पाहिजे. म्हणजे हरणाला मारतो म्हणालो असतो तर चाललं असतं, कागदाला भोक पाडतो म्हणणारा संशयित.

कायदा सैल करा असं मी म्हणणार नाही. माझी पोरगी इथल्या शाळेत जाते, तिथे दर महिन्याला सिक्युरिटी ड्रिल, म्हणजे कोणी बंदूक घेऊन शिरलं वगैरे तर काय करायचं त्याची तालीम, करायची हा राज्याचाच कायदा आहे, दिवे बंद करून कोपऱ्यात गप्प बसायचं असतं असं ती जेवताना सांगते, सहज, गृहपाठाबद्दल सांगावं तसं. घ्या ठसे. परत घ्या. पण सरकारच्या कॉम्प्युटरला माझी सगळी कुंडली माहीत असताना माझा स्वभाव कसा आहे ते खुर्चीचा आवाज मनात ठेवून असलेल्या माणसाला का विचारायचं?

आणि खरं दुखणं पुढेच आहे. काकांना कळलं म्हणजे मंडळाला कळलं. परवाच्या भिशीत एकीने हिला बाजूला घेऊन हात धरून विचारलं, "सगळं ठीक आहे ना गं घरी?" दुसऱ्या एका सद्‌गृहस्थांनी पार्किंगमध्ये मला मानसिक ताणावर एक प्राणायामाचा व्हिडिओ पाठवला. याच लोकांनी हजारो डॉलरचे गोल्फचे सेट गॅरेजमध्ये टाकलेत आणि महिन्यातून एकदा चेंडू तळ्यात मारून येतात, त्यांना कोणी विचारत नाही घरी सगळं ठीक आहे का. आमच्या आजोबांकडे कोकणात ठासणीची बंदूक होती, लायसन्सची, माकडं आणि रानडुकरांसाठी, भिंतीवर लटकलेली असायची आणि सगळ्या वाडीला माहीत होती. निवडणूक आली की पोलीस स्टेशनात जमा करावी लागायची आणि आजोबा चिडून म्हणायचे, माकडं काय मतदान होईपर्यंत थांबतात? पण आजोबांचं बिनसलंय असं काही कोणाला वाटलं नाही.

कार्ड अजून आलेलं नाही. आलं की पुढे दुकानातला केंद्राचा फॉर्म आहे, त्यात उंची, वजन, वंश, गांजा ओढता का, फरार आहात का, सगळं विचारतात. (फरार माणूस टिक करत असेल का हो तिथे?) मग ती नेण्या-आणण्याचे नियम. गोळ्या काढलेली, बंद केसमध्ये नाहीतर कुलूपबंद डिकीत, आणि घरून निघालं की रेंज (निशाणेबाजीची जागा), रेंजवरून घर. वाटेत वळायचं तर परिस्थितीनुसार गरजेपुरतंच, असं मोघम लिहिलंय. हे वाचत बसलो होतो तेवढ्यात काल रात्री काकांचा फोन.

"काय, पोलीस बोलले का?"

"बोलले."

"मी व्यवस्थित लिहिलंय सगळं. मिळेल तुला. मिळाली की मलाही ने एकदा रेंजवर, मी कधी बघितली नाही जवळून." एवढं ऐकून मी खरं तर विरघळायला आलो होतो. मग आपल्या देशी दुकानांच्या रस्त्याचं नाव काढून म्हणाले, "येताना ओक ट्री रोडवरून येऊ. काकूला भाजी घ्यायचीये."

"काका, डिकीत रायफल असताना असं कुठेही थांबता येत नाही. गरज असेल तरच वळायचं, कायदा आहे."

"बरं मग?"

"मग काय? भाजी नाही."

"घरात कोथिंबीर संपलीये रे," काका म्हणाले. "ही गरज नाही तर काय आहे? त्या डिटेक्टिव्हलाच विचारतो, नंबर आहे माझ्याकडे."