निळूभाऊंची भूमिका एकच? मग दिगू टिपणीस कोण?

निळू फुले यांच्याविषयी एक मजकूर सारखा फिरत असतो. आशय असा: निळूभाऊंनी जन्मभर एकच भूमिका केली, बायांवर डोळा ठेवणारा गावचा पाटील. तो आवाज, ती नजर उपजतच होती, मेहनत अशी नव्हतीच. शहरी माणूस त्यांना पेललाच नसता. हे वाचून लोक हसतात आणि पुढे पाठवतात, तेव्हा मला मनापासून राग येतो.

पाटील, सरपंच त्यांनी ढिगानं केले, हे कबूल. निर्मात्यांना तेच हवं असायचं. पण त्या पाटलांमधलाच 'सामना'तला हिंदूराव धोंडे पाटील नीट बघा. साखर कारखान्याचा, सहकाराचा हा सम्राट एका दारुड्या, परक्या मास्तरला घरी आणतो, खाऊपिऊ घालतो. डॉ. श्रीराम लागूंचा तो मास्तर एकच प्रश्न धरून बसतो: मारुती कांबळेचं काय झालं? प्रत्येक वेळी हिंदूरावाच्या रुबाबाला थोडी चीर जाते. आधी दुर्लक्ष, मग चीड, मग भीती. निळूभाऊ हे आवाज न चढवता दाखवतात. १९७५ साली हा चित्रपट बर्लिनच्या महोत्सवात गेला.

आता शहरी माणूस. 'सिंहासन' (१९७९) आलाच नव्हता का? दिग्दर्शक तेच, जब्बार पटेल. अरुण साधूंच्या कादंबऱ्यांवरच्या या चित्रपटात निळूभाऊ आहेत मुंबईतला पत्रकार दिगू टिपणीस. त्याच्या हाती सत्ता नाही, फारसे टाळीचे संवादही नाहीत. मुख्यमंत्री, अर्थमंत्री, दलाल सगळे त्याच्यासमोर डाव खेळतात आणि तो बघत राहतो. नुसतं बघणं हीच भूमिका! ते सगळं साचत जातं आणि शेवटी तो भ्रमिष्टासारखा हसत सुटतो. हिंदूरावाची नजर समोरच्याला मापते, दिगूची नजर सगळं पोटात घेते. डोळे तेच. उपजत नजरेच्या जोरावर हे दोघं उभे राहत नाहीत. 'सारांश'मधला (१९८४) गजानन चित्रे हा मुंबईचा राजकारणीही गावच्या पाटलाच्या मापात बसत नाही.

मेहनतीचं म्हणाल, तर पुण्याच्या सैनिकी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करणारा हा माणूस राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात घडला. 'कथा अकलेच्या कांद्याची' या लोकनाट्यानं नाव झालं, तिथून 'एक गाव बारा भानगडी'तला (१९६८) झेलेअण्णा मिळाला. आणि १९७२ साली रंगभूमीवर तेंडुलकरांचा सखाराम बाइंडर पहिल्यांदा उभा केला तोही त्यांनीच. नवऱ्यांनी टाकलेल्या बायकांना घरात ठेवणारा, त्यांना मारणारा आणि मृदंग घेऊन तल्लीन होणारा सखाराम. त्याची कीव यावी की घृणा, हे प्रेक्षकाला ठरवता येत नाही.