दंगलीच्या बातमीत अँकर सोडा, शेजारची चौकट बघा

दंगल पेटली की सगळे अँकरला शिव्या घालतात. घाला, बरेचदा त्या लायकीच्याच असतात. पण जास्त नुकसान करते ती त्याच्या शेजारच्या चौकटीत फिरणारी क्लिप.

स्ट्रिंगर, म्हणजे पगारावर नसलेला, बातमीमागे पैसे घेणारा वार्ताहर, मोबाइलवरून मिनिटभराचं फुटेज पाठवतो. हललेलं, अंधारं कापलं की उरतात आठेक सेकंद: जळणारी एक रिक्षा. एडिटर त्याचा लूप करतो. अर्ध्या तासाच्या चर्चेत जाहिराती वगळून वीस मिनिटं धरली, तर तीच रिक्षा दीडशे वेळा पेटते. शॉट टाइट, म्हणजे अगदी जवळून घेतलेला, त्यामुळे घरी बसलेल्याला अख्खं शहर जळताना दिसतं. कॅमेरा दहा पावलं मागे असता तर कदाचित उघडं दुकान आणि बघेही दिसले असते.

मग वेळेचा घोळ. आग दुपारी दोनची, तीनला विझलेली. रात्री नऊला कोपऱ्यात 'लाइव्ह' झळकतं ते स्टुडिओतल्या चर्चेसाठी, पण बघणारा ते आगीला लावतो आणि फोन फिरवायला लागतो.

नियम नाहीत असं नाही. 26/11 नंतर, 2008 मध्ये, वृत्तवाहिन्यांच्या संघटनेने स्वतःच ठरवलं होतं की मन भडकवणारं जुनं फुटेज पुन्हा पुन्हा दाखवायचं नाही आणि दाखवलंच तर 'फाइल' लिहून शक्यतो तारीख-वेळ द्यायची. जातीय हिंसाचाराचा उल्लेखही त्यात आहे. केबल टीव्हीच्या 1994च्या नियमांतला सहावा नियमही हिंसेला चिथावणी देणारं काही दाखवू नका असं सांगतो.

अडतं ते रोजच्या कामात. 'दुपारी 2.10' ही पट्टी ग्राफिक्समधून वेगळी टाकली की शिफ्ट बदलताना गळून पडते. क्लिप मात्र सर्व्हरवर तशीच राहते आणि पुढचा प्रोड्युसर ती ताजी समजून उचलतो. म्हणून ठिकाण, तारीख, वेळ एडिट करतानाच चित्रावर छापून टाकायची. फाइलच्या नावातही तेच लिहायचं. ज्या क्लिपची वेळ माहीत नाही ती इनपुटने, म्हणजे बाहेरून येणारं फुटेज घेणाऱ्या विभागाने, पुढे द्यायचीच नाही. दोनतीनदा दाखवून झाली की चौकटीत नकाशा लावा, वार्ताहर फोनवरून बोलतो त्या फोनोला तो पुरतो.

आणि 'विशिष्ट समाजाचा जमाव' हे लिहिणं बंद करा. नाव टाळल्याचं समाधान डेस्कला मिळतं, बोट कुणाकडे आहे ते सगळ्यांना कळतं.

वार्ताहरांना कामं वाटणाऱ्या असाइनमेंट डेस्कवरून स्ट्रिंगरला प्रश्न जातो तो एकच, "अजून कुठं पेटलंय का?" बंब निघून गेल्यावरचा काळा, ओला रस्ता हाही शॉटच आहे. त्याचेही पैसे द्या, तो पाठवेल.